थबक साचलेला खड्डा

नागपूरच्या उन्हाळ्याबद्दल बाहेरचे लोक मला अक्कल शिकवायला लागले की माझं डोकं फिरतं. त्यांना ऊन तेवढं माहीत. थबक त्यांनी पाहिलेली नसते. पाहिलेली म्हणजे काय, ती कुणालाच दिसत नाही. वैशाखातल्या तापल्या वाऱ्याबरोबर येते आणि पाण्यासारखी सखल जागा शोधून साचून बसते. जिथे साचते तिथे वेळ मंदावतो. कोरड्या विहिरीत टाकलेला खडा तळाला पोचेपर्यंत पावसाळा तोंडावर येतो.

आम्ही विणकर. आमचा हातमाग खड्ड्याचा, म्हणजे विणणारी जमिनीवर बसते आणि पाय खड्ड्यात सोडून खालच्या पावड्या दाबते. तेव्हा थबक आमच्या घरी मुक्कामाला येणारच होती. आईचे पाय जन्मभर तिच्यात बुडालेले. हात म्हातारे झाले, पाय मात्र नव्या नवरीचे राहिले. सकाळचा चहा ती खड्ड्यात ठेवायची आणि संध्याकाळी वाफाळता काढून प्यायची. खाली सगळ्यालाच उशीर, म्हणून पाय आधी दाबायचा आणि आडव्या धाग्याचा धोटा मागाहून फेकायचा, ही आमच्या मोहल्ल्याची रीत. ती अंगात इतकी मुरते की आमची माणसं रस्त्यावरही पाय आधी टाकतात, मग खाली बघतात. मी आता बुटीबोरीच्या गिरणीत नोकरी करते, तरी स्कूटरचा ब्रेक अजून वेळेआधीच दाबते आणि मागच्याच्या शिव्या खाते.

अशीच आई एका लग्नघरी पायरी चुकून पडली. रामदासपेठेतल्या दवाखान्यात नेलं. पाय ठणठणीत होते, पण डॉक्टरांनी पोट दाबून पाहिलं तशी ती कळवळली. तपासण्या झाल्या. काही महिने, असं त्यांनी मला बाजूला घेऊन सांगितलं.

दुसऱ्या दिवशी पुण्याहून भाऊ आला तो बेत ठरवूनच. पैसेवाले लोक हल्ली तळघर खणतात, त्यात थबक साचू देतात आणि घरातल्या आजारी माणसाला तिथे निजवतात. त्या माणसाचे आत दोन-चार महिने जातात, तोवर बाहेर वर्षं उलटतात.

"आपल्याकडे तर खड्डा आयताच हाये," भाऊ म्हणाला. "थोडा लांब-रुंद करून घेऊ. तोवर एखादं औषध निघेलच."

खरं सांगायचं तर मलाही तेच हवं होतं. आईशिवायचं घर मला सहन होणार नव्हतं.

आई मागाशेजारच्या खाटेवर पडून सगळं ऐकत होती. "काहून गा? मले लोणच्यासारखी मुरत घालून राहिला का?"

"माय, तुह्यासाठीच करून राहिलो नं."

"माह्यासाठी नाही. मी खाली गेली का तू म्हणशीन, माय तं हाये, कुठी जाते? पुढच्या साली जाऊ. मंग त्याच्या पुढच्या साली. अन् आला तरी काय? मी खालून एक शब्द बोलीन तवर तुही सुट्टी सरून जाईन."

भावाचा चेहरा उतरला. मग ती माझ्याकडे वळली. "अन् तू काहून चूप वं? तुलेही बरणीतली माय पाहिजे का?"

मला रडू फुटलं. "हो, पाहिजे," मी म्हणाले.

"जिती पाहिजे का ठेवलेली पाहिजे, ते सांग."

मला तिचा भयंकर राग आला. मरायला टेकलेल्या माणसाने इतकं बरोबर बोलू नये.

तिने माझ्याकडून कात्री मागून घेतली, मागावरचं अर्धवट विणलेलं पातळ कापलं आणि भावाला म्हणाली, "भर तो खड्डा. मजूर नको. तूच भर."

बातमी पसरायला कितीसा वेळ लागतो? मामा आले, काकू आली. पोरांनी आईला मारायचं ठरवलं, इथपर्यंत बोलून झालं. तेव्हा मात्र मी दारात उभी राहिले. "माय आमची अन् खड्डाही आमचा," मी म्हणाले. "ज्याले बोलाचं हाये त्यानं आधी एक घमेलं माती टाकावी." एकानेही टाकली नाही. चहा पिऊन मंडळी निघून गेली.

भाऊ घमेल्यामागून घमेलं ओतत होता आणि माती थबकेत लोंबकळत, जिवावर आल्यासारखी खाली जात होती. त्याचा सबंध दिवस त्यात गेला. आई खाटेवरून हुकूम सोडत होती, "दाबून भर गा, पोकळ नको ठेवू." शेवटी वरची जमीन तिने स्वतःच्या हाताने लिंपली. मी अडवायला गेले तर हात झटकला.

भाऊ परत गेला नाही. तिच्या खाटेशेजारी लॅपटॉप मांडून तिथूनच काम करायला लागला. डॉक्टरांनी मना केलेले तर्री-पोहे दोघं मिळून चोरून खायचे. मिठावरून भांडायचे, पंख्याच्या वेगावरून भांडायचे, आणि भांडण संपलं की ती त्याला आमच्या बापाच्या गोष्टी सांगायची. त्यातल्या निम्म्या मलाही ठाऊक नव्हत्या. आश्विनात ती गेली. शुद्धीत होती, आम्ही दोघं जवळ होतो.

वर्षश्राद्धाला भाऊ आला तेव्हा मागाच्या खोलीत बराच वेळ उभा राहिला. मग म्हणाला, "भरला नसता तं आज माय असती."

"असती," मी म्हणाले. "अन् तू पुण्यात असता."

तो आईने लिंपलेल्या जमिनीवर तसाच खाली बसला.