पुनर्वंशीकरण म्हणजे काय, हे मी आज रिनीला समजावलं

मित्रांनो, आज चाकणच्या आमच्या कंपनीत नवे मॅनेजर आले.

माझी सहकारी रिनी मिझोरामची. सहा वर्षं क्वालिटी विभागात आहे, मराठी बोलते. ती बाहेरची आहे हे आम्ही केव्हाच विसरलो होतो.

मॅनेजर म्हणाले, "ही चायनीज कुठून आणली?" सगळे हसले.

"सर, मी मिझोरामची. इथेच रावेतला राहते."

"अरे वा, मराठी बोलणारी चायनीज!"

दुपारपर्यंत अख्खं शॉप फ्लोअर तिला तीच हाक मारत होतं.

जेवताना मी माझं समाजशास्त्र काढलं. "याला पुनर्वंशीकरण म्हणतात. आपल्यात मिसळलेल्या माणसावर पुन्हा वंशाचा शिक्का मारणं."

डबा बंद करत ती म्हणाली, "शब्द माहीत होता ना? मग तू का हसलास?"

तुम्ही काय सांगितलं असतं?