खड्डा बुजवणारे साहेब

मोबाईल हातात आला की आमचे साहेब तो आधी पोटावरच्या शर्टाला पुसायचे आणि काम काय आहे ते न विचारताच म्हणायचे, "सोपं हाय. लई तर आठ दिवस."

असा साहेब तुम्हीही पाहिला असेल. आमचे मूळचे श्रीगोंद्याचे. नगरला सावेडीत एका दुकानाच्या माडीवर त्यांची सॉफ्टवेअर कंपनी होती. कंपनी म्हणजे मी, सुनीताताई आणि साहेबांचा आवाज.

पुण्याच्या एका बाईंनी त्यांचा जुना गेम मोबाईलवर आणायचं काम दिलं होतं. हातात मावणाऱ्या, बटणांच्या यंत्रावर तो एके काळी गाजलेला. एक माकड खड्ड्यांवरून उड्या मारत पुढे जातं. बटण जितकं दाबून धराल तितकी उडी लांब. पण मोबाईलच्या काचेवर बटण अंगठ्याला लागतच नाही. अंगठा सरकतो, माकड मरतं. ताईंनी चार महिने त्या एका उडीवर घालवले. कडेवरून पाय सुटल्यावरही माकडाला निमिषभर उडी घेता यावी, आणि खेळणाऱ्याला ते कळूही नये, इतकं बारीक काम. साहेब म्हणायचे, "माकडाला उडी शिकवायला ठेवलंय व्हय तुमाला?"

बाई गेम बघायला येणार, त्याच्या आदल्या दिवशी साहेब पहिल्यांदा स्वतः खेळायला बसले. पहिल्याच खड्ड्यात अकरा वेळा पडले.

"हा खड्डा बुजवा."

"अहो, मूळ गेममधला आहे तो," ताई म्हणाल्या.

"पब्लिकला पडायला आवडत न्हाई, मॅडम."

पब्लिक म्हणजे ते स्वतः. खड्डा बुजवला गेला.

दुसऱ्या दिवशी बाई खेळायला लागल्या आणि लगेच थांबल्या. "इथला खड्डा कुणी बुजवला?"

साहेबांनी ताईंकडे बोट केलं. "ह्यांनी. मी नको म्हणत हुतो."

ताईंनी पर्स उचलली आणि निघून गेल्या. मी बसून राहिलो. भित्रेपणात मीही काही कमी नव्हतो.

आठवडाभर साहेब त्यांना फोन करत होते. ताईंचं उत्तर एकच, "खरं काय ते बाईंना लिहून कळवा. मग बोलू." शेवटी माझ्या शेजारी बसून साहेबांनी एका बोटाने टाइप केलं, "खड्डा मी बुजवायला लावला. मला उडी जमत नव्हती." मला हसू आलं, पण ते टिकलं नाही.

संध्याकाळपर्यंत उत्तर आलं. काम ताईंकडेच राहील, साहेबांचा त्याच्याशी संबंध नको.

कंपनी बंद झाली. गेम आम्ही भिंगारला, ताईंच्या पुढच्या खोलीत पुरा करायला घेतला. आम्हाला बसायला नीट जागा नाही हे साहेबांना कुठून कळलं कोण जाणे. ऑफिसातल्या दोन खुर्च्या टेम्पोत घालून आले, एकेक करून जिन्याने वर आणल्या आणि दारातच टेकवल्या. शर्ट घामाने भिजला होता.

"पाणी देऊ का?" ताईंनी विचारलं. आत या म्हणाल्या नाहीत.

"नको, ताई." ताई म्हणताना मी त्यांना प्रथमच ऐकलं.

मी खिडकीतून पाहिलं. ड्रायव्हरशेजारची जागा रिकामी होती. तरी साहेब मागे चढले आणि मोकळ्या टेम्पोत दोरी धरून उभे राहिले.