मुक्ताच्या लघुपटांतले नातेवाईक

पुस्तके मी आयुष्यभर निवडून जमवली. किस्से मात्र मला न विचारता घरात शिरले, आणि तेही कॅमेऱ्यासकट! माझी पुतणी मुक्ता बँकेतील नोकरी सोडून मानपाड्याच्या माझ्या घरात लघुपट काढू लागली. तिच्या लघुपटांतील कुटुंबे फार तर पहिले मिनिटभर सभ्य राहतात. तिच्या वडिलांनी, म्हणजे माझ्या धाकट्या भावाने, वसंताने, तिच्याशी अबोला धरला. माझ्याकडे तो येई. ती दिसली की चहा अर्धा टाकून निघे. मुक्ताची आस एकच, बाबांनी एकदा तरी आपले काम पाहावे.

*

पहिल्या लघुपटात अख्खे कुटुंब एकच कवळी आळीपाळीने वापरते. “काका, तुमची द्याल?” मुक्ता म्हणाली. कलेसाठी मी घर दिले होते, दात देणार नव्हतो!

आईची भूमिका करणाऱ्या कांबळेबाई निवृत्त परिचारिका. मी विचारले, “आपणांस हे विचित्र वाटत नाही?”

“छे ओ! आमच्याकडे रिमोटचं असंच असतं.”

*

दुसऱ्यात मी मृत आजोबा. पिंडाला कावळा शिवत नाही, म्हणून घरचे लोक पिंडाशेजारी फ्लॅटची कागदपत्रे मांडतात, मोबाइल मांडतात, शेवटी सुनेलाच बसवतात! बाळकुमच्या गच्चीवर पिंड ठेवताच कावळ्यांची सभा भरली.

सचिन हा आमचा कॅमेरावाला. तो ओरडला, “काय काका, एक पण इच्छा बाकी नाही ठेवली?”

मी कावळ्यांना स्पष्ट बजावले, “माझे पुष्कळ वाचन राहिले आहे.” त्यांनी भात संपवला.

*

टेंभी नाक्याजवळ दोन्ही लघुपटांचा खेळ झाला. एक गृहस्थ संतापून उठले, “असं कुठल्या घरात असतं?”

त्यांची पत्नी म्हणाली, “बसा खाली. घरी गेल्यावर बोलू!”

पुढच्या रांगेतील एक खुर्ची मुक्ताने शेवटपर्यंत कुणाला दिली नाही. ती रिकामीच राहिली.

*

नंतरच्या लघुपटात वडील लोखंडी कपाटात राहतात. मुलगी ताट आत सरकवते, दार लावते. त्याविषयी कुणी बोलत नाही. मुलगी मुक्ता, वडील मी. ऐन वेळी माझा गुडघा आखडला, आणि त्याची चौकशी करण्यास नेमका वसंत आला. मी त्याला कथा सांगितली.

“कपाटातले वडील बोलतात का?”

“एक अक्षर नाही.”

“मग जमेल मला.”

चष्मा खिशात ठेवून तो कपाटात बसला. मुक्ताने ताट सरकवले, दार लावले.

“कट!” सचिन म्हणाला.

दार उघडेना. मुक्ताने हलकेच टकटक केले. “बाबा, झालं. या बाहेर.”

आतून आवाज आला, “जेवतोय अगं. चटणी आण.”