दोन रिकाम्या खोल्यांची वर्दी

बाबा बडनेऱ्याला रेल्वेत होते. रुळांवर काम करणाऱ्या टोळीत लागले आणि मुकादम होऊन निवृत्त झाले. नोकरी संपायच्या सुमारास त्यांनी अमरावतीत, राजापेठेच्या पलीकडे बडनेऱ्याच्या रस्त्याला, घर बांधलं. शहरातलं आमच्या घराण्याचं हे पहिलं घर. आम्ही बौद्ध झालो त्याच्या पुढच्या वर्षी ते पुरं झालं. पुढे दोन खोल्या, मागे दोन, मधल्या अंगणात विहीर. तुळया म्हणून बाबांनी रेल्वेच्या लिलावातली जुनी सिलिपाटं घातली होती, म्हणजे रुळांखाली आडवी असतात ती जाड लाकडं. खोल्यांची रुंदीही त्या लाकडांच्या मापानंच धरली होती.

पुढच्या खोल्यांत माझा मोठा भाऊ आणि वहिनी राहायचे. भावाला अकोल्याला सरकारी कचेरीत कारकुनाची जागा मिळाली, दोघं तिकडे गेले आणि खोल्या रिकाम्या झाल्या. त्या भाड्यानं द्यायचं ठरलं. आईच्या मनात नांदगाव खंडेश्वरचं नात्यातलं एक कुटुंब होतं.

एके दिवशी कोपऱ्यावरच्या किराणा दुकानदारानं बाबांना हटकलं. “खोल्या खाली झाल्या म्हणे. वर्दी दिली का कचेरीत?”

“कायची वर्दी?” बाबा म्हणाले.

तेव्हा कळलं की शहरात भाड्यानं द्यायची जागा रिकामी झाली की घरवाटपाच्या कचेरीत वर्दी देऊन नोंदवावी लागते. जागांची टंचाई होती. बदलून आलेल्या सरकारी माणसांना कचेरी अशा जागा नेमून देई. मालकाला आवडो न आवडो, हुकूम घेऊन येईल त्याला घरात घ्यावं लागे. “नोंदवलं तं कोण येईन सांगता येत नाई,” दुकानदार म्हणाला, “अन् नाई नोंदवलं तं खटला.”

बाबा घरी येऊन अंगणात बसले. आयुष्यभर त्यांना साहेबांची एकच तऱ्हा ठाऊक होती. साहेब बोलावतो तेव्हा काहीतरी जाणार असतं, रोजी किंवा नोकरी. आता घर होतं, म्हणजे जायला आणखी एक वस्तू झाली.

“नको सांगू कोणाले,” आई म्हणाली. “दोन खोल्या तं आहेत. कोणाले दिसते?”

“दुकानदाराले दिसल्या ना,” बाबा म्हणाले.

मी तेव्हा शिक्षिकेचं ट्रेनिंग घेत होते. मीच म्हटलं की नोंदवून टाकू, लपवलं तर रोज भ्यावं लागेल. बाबांनी मान हलवली. उन्हाळ्याचे दिवस, तरी त्यांनी रेल्वेचा निळा गरम कोट अंगात घातला आणि आम्ही दोघं निघालो.

कचेरीत बरीच माणसं ताटकळत होती. आमची पाळी आली तेव्हा टेबलामागच्या बाबूनं मान वर न करता विचारलं, “घर कोणाचं?”

“माहं, साहेब.”

बाबूनं वर पाहिलं. आधी बाबांकडे, मग माझ्याकडे. “तुझं? स्वतःचं?”

“हो, साहेब,” बाबा म्हणाले आणि त्यांनी उगाचच हात जोडले. त्या जोडलेल्या हातांची मला लाज वाटली नाही, भीती वाटली. ज्यांनी आपलं घर आपलं म्हणताना हात जोडले, ते घर राखणार कसे?

बाबूनं खोल्या, विहीर, संडास सगळं विचारून लिहून घेतलं. “माणूस पाठवू. तोवर कोणाला आत घ्यायचं नाही,” एवढं म्हणून पुढच्याला हाक मारली.

मग वाट पाहणं सुरू झालं. सायकल दारापाशी हळू झाली की आईच्या हातातलं काम थांबे. पोलिसातला आला तर? दारूडा आला तर? पुढच्या खोल्यांतून अंगणात यायला एकच दार होतं आणि त्याची कडी पुढच्या बाजूनं होती. बाबांनी आमच्या बाजूनंही एक बसवली. पुढच्या खोलीत बुद्धाची तसबीर होती. आई म्हणाली, “तेवढी मागं घेऊन या. येणारा कोण राहीन, कसा राहीन.” बाबांनी घर बांधल्यापासून आईवर आवाज चढवला नव्हता, तो त्या दिवशी चढवला. तसबीर जागेवरच राहिली.

हुकूम घेऊन आला तो कोर्टातला एक कारकून. पस्तिशीचा, नीटनेटका, हातात छत्री. त्यानं खोल्या पाहिल्या, विहीर पाहिली, “जागा हवेशीर आहे” असंही म्हणाला. मग भिंतीवरच्या तसबिरीकडे पाहिलं आणि थांबला. बाबांना आडनाव विचारलं. बाबांनी सांगितलं.

“विहीर एकच?” त्यानं विचारलं.

“एकच आहे, साहेब.”

“बरं. कळवतो,” म्हणून तो निघून गेला. आईनं त्याच्यासाठी चहाचं आधण ठेवलं होतं. ते तिनं चुलीवरून उतरवलं.

काही दिवसांनी कचेरीचा इन्स्पेक्टर आला. सोबत शिपाई. जागा राहण्यास योग्य नाही अशी तक्रार आहे, असं तो म्हणाला. भिंती ठोकल्या, जमीन पाहिली, मग वर पाहिलं. शिपायाकडून स्टूल मागवून वर चढला आणि तुळयांवरून हात फिरवला.

“ही तर रेल्वेची लाकडं आहेत.”

“लिलावातली आहेत, साहेब. मी घेतली.”

“पावती?”

 पावती भावाच्या कागदांत असेल असं बाबांना वाटत होतं, पण खात्री नव्हती.

“चोरीच्या लाकडांचं घर आहे असं आमच्याकडे लिहून आलेलं आहे,” इन्स्पेक्टर म्हणाला. आवाज चढलेला नव्हता, त्यामुळे जास्तच भीती वाटली. “येत्या सोमवारी परत येतो. पावती दाखवा. नाहीतर मला रेल्वे पोलिसांना कळवावं लागेल.”

तो गेल्यावर बाबा जमिनीवर बसले. “मले बेड्या घालतीन,” ते म्हणाले. “पोरी, तुह्या ट्रेनिंगचं कसं होईन?” आई वर तुळयांकडे पाहत राहिली, जणू त्या आत्ताच खाली येणार होत्या.

दुसऱ्या दिवशी मी एकटी अकोल्याला गेले. बडनेऱ्याला गाडीत बसले तेव्हा फलाटावर रेल्वेचे दोन पोलीस उभे होते. ते माझ्यासाठी नव्हते हे कळत होतं, तरी गाडी हलेपर्यंत मी खिडकीकडे पाठ करून बसले.

भावाच्या घरी पोचले तेव्हा तो नुकताच कचेरीतून आला होता. मी सगळं सांगितलं. त्यानं ट्रंक उघडून कागद चाळले. पावती नव्हती.

“तू चल,” मी म्हटलं. “लिलावाच्या दिवशी तू बाबांसंगं होता. तेवढं सांग त्यांना.”

त्यानं ट्रंकेचं झाकण लावलं. “मी अजून कायम नाही झालो,” तो म्हणाला. “चोरीच्या भानगडीत माझं नाव आलं तर नोकरी जाईल. माझं नाव काढू नका, बाई. बाबांना सांग.”

वहिनीनं मला जेवायला वाढलं. ती रडत होती. भाऊ बाहेर जाऊन उभा राहिला. मला त्याचा राग आला नाही. त्याच्या चेहऱ्यावर तेच होतं जे कचेरीत बाबांच्या चेहऱ्यावर होतं.

परत आल्यावर मी बाबांना एवढंच सांगितलं की पावती सापडली नाही आणि त्याला रजा मिळत नाही. बाबांनी माझ्याकडे नीट पाहिलं आणि पुढं काही विचारलं नाही.

सोमवारी इन्स्पेक्टर आला तेव्हा दाराबाहेर शेजारी जमले होते. दुकानदारही होता. बाबांनी कुदळ आणून भिंतीला टेकवून ठेवली होती.

“पावती?”

“नाई, साहेब. पण लिलावात इकलेल्या सिलिपाटाच्या टोकाले हातोड्यानं शिक्का मारत होते. टोकं भिंतीत गेली. फोडून दाखवतो.”

इन्स्पेक्टर काही बोलायच्या आत ते स्टुलावर चढले. पहिला घाव बसला तेव्हा आईनं तोंडावर पदर धरला. माती, विटांचे तुकडे, चुना खाली पडू लागला. वर्षानुवर्षं रुळांवर घण मारलेले हात, पण त्या दिवशी कुदळ नको तिथं लागत होती. मी खालून स्टूल धरलं होतं. मला एकच भीती होती. शिक्का पुसलेला असला तर? वाळवीनं खाल्ला असला तर?

टोक उघडं पडलं. बाबांनी हातानं माती झाडली. काहीच दिसेना. मग त्यांनी धोतराच्या सोग्यानं लाकूड पुसलं, आणि एका कडेला गोल खोलगट खूण दिसली, आत अक्षरं.

इन्स्पेक्टर वर चढला. त्यानं बोटानं ती खूण चाचपली, काडी पेटवून उजेडात पाहिली. उतरून रुमालानं हात पुसला.

“शिक्का आहे,” तो म्हणाला. “बाकीच्या फोडायची गरज नाही.”

बाबा मात्र स्टुलावरच उभे होते, उतरता येईना. मी आणि आईनं त्यांना धरून खाली घेतलं. त्यांना धाप लागली होती. शेजारी एकेक करून पांगले.

कोर्टातला कारकून पंधरवड्यानंतर परत आला. साऱ्या अमरावतीत त्याला दुसरी जागा मिळाली नव्हती. सोबत बायको होती आणि तिच्या कडेवर तान्हं मूल. तो दारातूनच बाबांना म्हणाला, “हुकूम अजून आहे. तुमची हरकत नसेल तर...”

“हुकूम असला तं इचारता काहून?” आई आतून म्हणाली. बाबांनी तिला गप्प केलं आणि दार उघडलं.

ते दोन वर्षं राहिले. त्याची बायको पहिले काही दिवस आमचं पाणी भरून झाल्यावर विहिरीचा काठ धुवून मग स्वतः पाणी काढायची. नंतर तिनं ते सोडलं, पण का सोडलं हे आम्ही विचारलं नाही. तो आमच्याकडे कधी जेवला नाही. भांडण मात्र एकदाही झालं नाही.

त्याची यवतमाळला बदली झाली तेव्हा तो निरोप घ्यायला आला. बराच घुटमळला. मग बाबांना म्हणाला, “जागा राहण्याजोगी नाही असा अर्ज मी केला होता. तो माझाच. पण लाकडांचं मी लिहिलं नव्हतं. मला तर ती कुठली ते ठाऊकही नव्हतं.”

“मंग कोणं लिहिलं?” बाबांनी विचारलं.

“ते मला माहीत नाही.”

तो गेल्यावर आई बाहेर आली. रस्त्यावर नेहमीची माणसं होती. कोणी सायकल पुसत होतं, कोणी भाजी निवडत होतं, दुकानदार तराजू लावत होता. आई एकेकाकडे पाहत उभी राहिली. “यातलाच कोणी तरी,” ती हळूच म्हणाली.

“शोधू नको,” बाबा म्हणाले. “आपल्याले इथंच राहा लागते.”

त्या दिवसापासून आई भर दुपारीही पुढचं दार लावून घेऊ लागली.