आमच्या चर्चमधला पाइपांचा बाजा

आमच्या क्वायरची, म्हणजे चर्चच्या गायकमंडळाची, प्रॅक्टिस शनिवारी संध्याकाळी असते. गाणं थोडं, गप्पा फार! त्यामुळे गाणी बसायला वेळ लागतो, किस्से मात्र साचत जातात. आणि निम्म्याहून जास्त किस्से एकट्या ऑर्गनचे. नगरमधलं आमचं चर्च जुनं, ऑर्गनही तेवढाच जुना. पुढे पेटीसारख्या पट्ट्या, मागे भिंतभर उभे पाइप आणि त्यांत हवा भरणारा चामड्याचा भाता. ऑर्गन वाजवतात शांतवन सर, गणिताचे रिटायर्ड शिक्षक. मी सावेडीहून स्कूटरवर येते आणि बायकांच्या खालच्या पट्टीत गाते. म्हणजे माझा आवाज कोणाला ऐकू येत नाही, पण मला सगळं ऐकू येतं!

*

मधली काही वर्षं ऑर्गन मुकाच होता. भाता फाटला होता. शेवटी कमिटीचं ठरत आलं, की ऑर्गन काढून टाकायचा आणि इलेक्ट्रॉनिक कीबोर्ड घ्यायचा. सरांचं तोंड एवढंसं झालं.

एका रविवारी उपासना संपल्यावर विक्रेता कीबोर्ड घेऊन डेमो द्यायला आला. "एका बटनात ऑर्गन, साहेब!" असं म्हणून त्यानं बटन दाबलं. गंभीर गीताची पहिली ओळ सुरू झाली आणि मागून कडकडून ढोलकी! फक्कड लावणीचा ठेका! तो घाबरून एकेक बटन दाबतोय, तर ठेका आणखीच चढतोय. बायकांच्या बाकांवर पाय हलायला लागले.

आमचे धर्मगुरू, पाळकसाहेब, हसू दाबत म्हणाले, "झकास आहे हो! पण अंत्यविधीला कसं करायचं?"

कमिटीनं तिथल्या तिथे भाता दुरुस्तीला टाकायचं ठरवलं!

*

दुरुस्ती चालू असताना पाइप पुसायचं काम क्वायरनं घेतलं. एका लाकडी पाइपात पारव्याचं घरटं निघालं, आत पिल्लं. सरांनी त्या पाइपाला कोणाला हात लावू दिला नाही.

ऑर्गन सुरू झाला, पण प्रत्येक गाण्यात एक सूर गायब. पाळकसाहेबांनी विचारलं, "सर, मधेच एक सूर गाळता का हो?"

सर हळूच म्हणाले, "साहेब, तिथं बाळंतीण आहे!"

*

ऑर्गन वाजायला लागल्याचं कळल्यावर एका शाळेची मुलं तो बघायला आली. सर खुशीत! शिकवायला वर्ग मिळाला ना! "मुलांनो, दोन हजार वर्षांपेक्षाही आधी ग्रीक लोकांनी पहिला ऑर्गन केला. हवेचा दाब सांभाळायला ते पाणी वापरायचे. मग रोमन लोक तो मैदानात खेळांच्या वेळी वाजवू लागले. पुढे तो राजांच्या दरबारात गेला, तिथून चर्चमध्ये आला. मग जहाजात बसून आपल्याकडे!"

मुलं आ वासून बघत राहिली. सरांना वाटलं, भारावली. तेवढ्यात चौथीतल्या एका मुलीनं हात वर केला.

"सर, या दोन हजार वर्षांत तुम्ही एकदा तरी सुट्टी घेतली का?"

*

आता भात्यात हवा मोटर भरते. म्हणजे लाइट गेली, की ऑर्गन गेला. ईस्टरला चर्च गच्च भरलेलं आणि ऐन गाण्यात लाइट गेली! ऑर्गन म्हातारी म्हैस बसावी तसा कण्हत कण्हत बसला.

आमच्यात विलास म्हणून आहे. पाथर्डीकडचा, टेम्पो चालवतो, आवाज ढगासारखा. तो क्वायरची रांग सोडून ऑर्गनच्या मागे पळाला. तिथं भात्याचा जुना हातदांडा अजून होता. त्यानं तो मारायला सुरुवात केली आणि ऑर्गन पुन्हा उभा राहिला. विलासही गात होताच, पण दांडा खाली दाबताना त्याचा श्वास तुटायचा. प्रत्येक ओळ हुंदके देत बाहेर यायची.

उपासना संपल्यावर एक बाई डोळे पुसत मला म्हणाल्या, "आज पुरुषांनी काय भाव ओतला हो!"

*

एकदा तर प्रवचन चालू असताना एक पाइप आपोआप वाजायला लागला. बारीक, चिवट, "पीं ऽ ऽ ऽ..." झडप अडकली होती. पाळकसाहेबांना वाटलं, फोन. ते म्हणाले, "ज्यांचा मोबाईल वाजतोय, त्यांनी कृपया बंद करावा." अख्ख्या मंडळीनं खिसे, पर्सा चाचपल्या. आवाज चालूच.

शेवटी ऑर्गनमागून सर ओरडले, "साहेब, माझा आहे! बंद होईनासा झालाय!"

*

आमच्या क्वायरमधल्या माधुरीचं लग्न सोनईच्या शेतकरी घरात ठरलं. एक लग्न त्यांच्या पद्धतीनं, एक चर्चमध्ये. सासऱ्यांना हे फारसं मंजूर नव्हतं. चर्चमधल्या लग्नाला फेटा बांधून आले. हात मागे बांधून पाइपांसमोर उभे राहिले.

"किती इंची हायेत?" त्यांनी सरांना विचारलं.

"सगळ्या मापाचे आहेत."

"मोटर हाय?"

"आहे ना. हवेची."

"मंजी एवढी पाइपलाइन, आन पानी न्हाई?"

माधुरी रडवेली झाली. सर वाजवायला बसले. आधी हळू, मग एकेक पाइप उघडत अख्खं चर्च भरून टाकलं. सासरे पहिल्या बाकावर टेकले, ते शेवटपर्यंत उठले नाहीत. मग उपरण्यानं डोळे टिपत सरांपाशी गेले.

"पानी न्हाई मास्तर, पर भिजवलंत बगा!"

*

विलासची मावशी डोळ्याच्या ऑपरेशनसाठी गावाहून नगरला आली होती. ठार बहिरी. कानाशी तोंड नेऊन ओरडलं तरी नुसती हसायची. तिला घरी एकटं कसं ठेवायचं, म्हणून विलास तिला प्रॅक्टिसला घेऊन आला. बाकावर तिची पाठ दुखायला लागली, म्हणून ती खाली जमिनीवर बसली, ऑर्गनच्या लाकडी खोक्याला पाठ टेकून, पाय लांब करून.

आम्ही एक संथ गीत घेतलं होतं. सरांनी सगळ्यात खालचा, जाड सूर पायाखालच्या पट्टीनं दाबून धरला. खिडक्यांच्या काचा थरथरायला लागल्या. मावशी एकदम ताठ झाली. दोन्ही तळवे तिनं मागच्या लाकडावर टेकले आणि तोंड उघडं टाकून वर बघत राहिली.

तिला काही होतंय असं वाटून विलास गाणं सोडून धावला. आम्ही थांबलो. सरांनीही घाबरून पाय उचलला.

मावशी सगळ्यांवर डोळे वटारून ओरडली, "का रं थांबला? आत्ता कुटं मला ऐकाया येत हुतं!"