सव्वीस जानेवारीची हिरवी माळ

मुलुंडची माणसं राहतात मुंबईतच, पण बोरीबंदरकडे जायचं असलं की "मुंबईला जाऊन येतो" म्हणतात. मी लग्न होऊन साताऱ्याकडून मुलुंडला आले तेव्हा मला याचा रागच यायचा. मग मी आले ते कुठे? लग्नाला दोन महिने होत आले तरी मी मुंबई पाहिली नव्हती. पाहिली होती ती मुलुंड पूर्वेच्या भाजीबाजारातली गर्दी, लांबवर दिसणारी मिठागरं आणि एक खोली-स्वयंपाकघराचं आमचं घर. त्यात सासू, सासरे, नवरा आणि मी अशी चौघं राहायचो.

घर प्रेमळ होतं. तक्रारीला जागा नव्हती, आणि तीच माझी तक्रार होती. सासूबाई मालवणकडच्या. सासऱ्यांशी, मुलाशी, शेजारणीशी, दारावरच्या मासेवालीशी त्या मालवणीत भांडायच्या आणि मालवणीतच हसायच्या. माझ्याशी बोलायची वेळ आली की पदर सावरून शाळेच्या पुस्तकातलं मराठी बोलायच्या. "सूनबाई, तुम्ही आधी जेवून घ्या." मला अहो-जाहो. माशाचा चांगला तुकडा माझ्या ताटात. भात मला जास्त होत असेल म्हणून माझ्यापुरती वेगळी भाकरी. माहेरच्या बायका म्हणाल्या, नशीब काढलंस. मला मात्र वाटायचं, या बाईनं एकदा तरी माझ्यावर खेकसावं. पाहुण्यावर कोणी खेकसत नाही. त्या घरात माझं म्हणून काहीतरी असावं, एवढंच मला हवं होतं, आणि ते कुठे मिळेल हे काही कळत नव्हतं.

नवरा मरोळच्या औद्योगिक वसाहतीत एका विजेच्या ठेकेदाराकडे कामाला होता. वडिलांच्या मागोमाग गिरणीत लागायचं असं लहानपणापासून ठरलेलं, पण गिरणीच बंद पडली आणि हा वायरिंग शिकला. सव्वीस जानेवारीला सरकारी इमारतींवर रोषणाई करतात, तेव्हा त्यांच्या टोळीकडे बोरीबंदरजवळची एक मोठी घुमटाची इमारत असायची. कचेरीचं नाव लिहीत नाही. नवऱ्याला अजूनही वाटतं की कोणीतरी मेमो देईल.

जानेवारी लागला आणि तो घरी फक्त झोपायला येऊ लागला. तशातच आमच्या सोसायटीनं ठरवलं की यंदा सगळ्यांनी मिळून बस करून लायटिंग बघायला जायचं. तळमजल्यावरचे निवृत्त भूगोल मास्तर गाइड होणार होते. गणपतीत आरतीच्या वेळा सांगायला वापरतात तो हातातला भोंगा त्यांनी आठवडाभर आधीच ताब्यात घेतला होता, आणि जिन्यातून जाता-येता ते त्यात फुंकून बघायचे.

आमचा संसार तेव्हा गच्चीवर चालायचा, वाळत घातलेल्या कपड्यांच्या आड. घरात दोन शब्द बोलायची सोय नव्हती. तिथेच एका सकाळी नवरा मला म्हणाला, "मी त्या रात्री आमच्या इमारतीच्या, घुमटवालीच्या गच्चीत ड्युटीवर असणार. बोरीबंदरवरून पुढे आलात की उजव्या हाताला बघ. मधल्या घुमटाखाली एक हिरवी माळ आहे, हिरवी ती एकच. तुमची बस दिसली की ती बंद करीन आणि परत लावीन. ती तुझ्यासाठी. कोणाला सांगू नकोस."

"एवढ्या गाड्यांत आमची बस कशी ओळखणार तुम्ही?"

"ते माझ्यावर सोड."

दोन दिवसांनी त्यानं सोसायटीचा दिवाळीतला मोठा चांदणीचा कंदील माळ्यावरून काढला, बसवाल्याला पटवलं आणि बसच्या टपावर बांधून बॅटरीवर पेटवून दाखवला. कमिटीनं त्याची पाठ थोपटली. काय डोकं चालतं पोराचं, म्हणाले. कंदील कशासाठी आहे ते फक्त मला ठाऊक होतं. त्या आठवड्यात मी भाकऱ्या थापताना स्वतःशीच हसायचे. लग्न झाल्यापासून पहिल्यांदा मला असं काहीतरी मिळालं होतं, ज्यात घरातल्या कोणाचा वाटा नव्हता.

सव्वीस जानेवारीला संध्याकाळी सगळी सोसायटी नटून खाली उतरली. मी पहिल्या संक्रांतीची काळी साडी नेसले होते. सासरे तेवढे आले नाहीत. गिरणी बंद पडल्यापासून त्यांनी त्या बाजूला पाऊल टाकलं नव्हतं, आणि त्यांना कोणी आग्रहही केला नाही. आता सासूबाईंचं असं होतं की त्यांना वारा बाधायचा. रिक्षात बसल्या तरी कानाला रुमाल. बसमध्ये त्या नेहमी आतल्या बाजूला बसायच्या. म्हणून मी निर्धास्त होते, की खिडकी माझीच.

मी उजव्या बाजूचं बाक धरलं आणि त्यांना वाट द्यायला जरा उभी राहिले. त्या सरळ आत शिरल्या आणि खिडकीशी जाऊन बसल्या. कानाला रुमाल बांधलेला, वरून शाल, आणि खिडकी सताड उघडी.

"आई, वारा लागेल तुम्हाला."

"नाही हो लागत."

"थंडी आहे बाहेर. मी बसते ना तिकडे."

"असू द्या, सूनबाई. मला आज बरं वाटतंय."

पुढे काय बोलणार? नवी सून म्हणजे तोंडाला कुलूप. मी बसले, पण आतून धुमसत होते. भांडुप गेलं, घाटकोपर गेलं. मास्तर भोंग्यातून प्रत्येक ठिकाणाची समुद्रसपाटीपासूनची उंची सांगत होते, आणि मागच्या बाकावरची पोरं ती दामदुप्पट करून ओरडत होती. तिळाच्या वड्यांचा डबा फिरत होता. सायनला मास्तर म्हणाले, "आता आपण मुंबईत प्रवेश करीत आहोत," तशा सगळ्या बायकांनी पदर नीट केले. मी दर थोड्या वेळानं सासूबाईंना विचारायचे, कान दुखतात का, मळमळतं का, आतल्या बाजूला येता का. माझी काळजी बघून मागच्या काकू म्हणाल्या, सून असावी तर अशी. सासूबाईंचं उत्तर एकच, "मी ठीक आहे," आणि बोलताना त्यांचा एक हात खिडकीच्या गजावर घट्ट.

भायखळ्याच्या पुढे रस्ता माणसांनी नुसता भरला होता. ट्रकमध्ये सतरंज्या टाकून कुटुंबंच्या कुटुंबं लायटिंग बघायला निघाली होती. आजोबा, तान्ही बाळं, स्टोव्हसुद्धा. बोरीबंदरचं स्टेशन दिसलं आणि अख्ख्या बसनं एकदम श्वास घेतला. प्रत्येक कमानीला, प्रत्येक कळसाला दिव्यांची किनार. दगडाची एवढी अवजड इमारत, पण नवरीसारखी दिसत होती. मास्तरसुद्धा भोंगा खाली करून नुसते बघत राहिले. मी सगळं विसरून बघत होते, आणि बस वळली तेव्हा एकदम आठवलं, की आता उजवीकडे.

गर्दीत बस गोगलगायीसारखी सरकत होती. घुमट दिसला. मधला घुमट, त्याखाली पिवळ्या दिव्यांच्या रांगा, आणि त्यांत एकच हिरवी. मी उठले, सासूबाईंच्या खांद्यावरून वाकले, गज धरला. तेवढ्यात हिरवी माळ विझली.

"तिकडे बघा," मास्तर भोंग्यातून म्हणाले, "एक माळ गेलेली दिसते. घाईघाईचं काम."

बस हसली. माळ पेटली. परत विझली. परत पेटली. मला हसू आवरेना, डोळ्यांत पाणीही आलं. मी गजातून हात बाहेर घातला आणि त्या अंधाऱ्या गच्चीकडे जोरजोरात हलवायला लागले. तो मला दिसत नव्हता, मीही त्याला दिसत नसणार, पण हात थांबेना.

माझ्या हाताशेजारी दुसरा एक हात हलत होता. मनगटभर हिरव्या बांगड्या, शाल कोपरापर्यंत घसरलेली. कानाचा रुमाल सासूबाईंनी केव्हाच सोडून टाकला होता.

आम्ही दोघी एकदमच थांबलो. त्यांनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं.

"तू कोणाक हात करतंस गो?"

लग्नानंतर पहिल्यांदा त्या माझ्याशी मालवणीत बोलल्या, पण ते माझ्या लक्षात यायला वेळ लागला. मी म्हणाले, "आणि तुम्ही?"

"माका झिलान सांगल्यान. हिरवी माळ माझ्यासाठी."

"मला तर तुमच्या मुलानं सांगितलं होतं की ती माझ्यासाठी."

बस जागची हलत नव्हती आणि समोर ती माळ वेड्यासारखी उघडझाप करत होती. खरं सांगते, मला भयंकर राग आला. आठवडाभर जपलेली एकुलती एक गोष्ट, आणि तीही निम्मी निघाली. मी रडायच्या बेतात होते. मग मी सासूबाईंच्या तोंडाकडे पाहिलं. त्यांचा चेहरा माझ्यासारखाच पडला होता. मुलाला नोकरी लागली तेव्हापासून तो काय काम करतो ते त्यांनी कधी बघितलं नव्हतं. आज तो दाखवणार होता, त्यांना एकटीला. त्यासाठी वारा सोसत, माझ्यासारख्या चिकट सुनेला तोंड देत त्या बाई मुलुंडपासून खिडकी लढवत आल्या होत्या. आणि मी तिथपासून त्यांना उठवायला बघत होते.

"दोघींका एकच माळ दिल्यान मेल्यान," त्या म्हणाल्या.

त्यांनी हे इतक्या गंभीरपणे म्हटलं की मला हसू फुटलं. मला बघून त्यांना. पदराचा बोळा तोंडात कोंबूनही त्यांचं हसणं थांबेना, अख्खं बाक हलायला लागलं. मास्तरांनी भोंग्यातूनच विचारलं, "वहिनी, काय झालं?"

"काय नाय, मास्तर. लायटिंग बघतंय," सासूबाई म्हणाल्या, आणि मला कोपरानं ढोसलं. "सरक गो हयसर. उभी रवान माझ्या डोक्यार पडशील."

खेकसल्याच त्या. मी त्यांच्या आणि खिडकीच्या मध्ये अर्धी घुसले. दोघींची डोकी एका गजाला टेकली, आणि बस पुढे सरकेपर्यंत आम्ही दोघींनी मिळून त्या लबाडाला हात केला.

त्यानंतरची मुंबई मी जी पाहिली ती सासूबाईंच्या डोळ्यांनी. राजाबाई टॉवर बघून त्या म्हणाल्या, हेच्यावर चढून त्यानं माळा लावल्या असत्या तर मी त्याला घरात घेतला नसता. गेटवेला भेळ खाताना त्यांनी नवऱ्याच्या लहानपणच्या सगळ्या लबाड्या सांगितल्या. दोन मावश्यांना एकच फुलपाखरू भेट दिलेलं, ते ऐकून मी भेळ सांडली. मरीन ड्राइव्हवर दिव्यांची ती लांबच लांब माळ दिसली तेव्हा मी म्हटलं, "ही कोणाकोणाला दिली असेल त्यांनी?" त्या इतक्या हसल्या की पुढच्या बाकावरची माणसं वळून बघायला लागली.

येताना सायनच्या पुढे त्या माझ्या कानाशी वाकल्या. "त्याका काय सांगा नको. आमी बघूकच नाय म्हणान सांगूया."

सकाळी नवरा ड्युटीवरून आला. डोळे लाल, पण तोंडावर नुसतं चांदणं. पहिला स्वयंपाकघरात गेला. मी बाहेर चादरी घडी करत होते, सगळं ऐकू येत होतं.

"आये, बघलंस मा?"

"काय ता?" सासूबाई म्हणाल्या. "माका भायखळ्याकच झोप लागली रे."

मग तो माझ्याकडे आला. आवाज खाली आणून म्हणाला, "तू तरी?"

"मला कुठे खिडकी होती? आई बसल्या होत्या."

"अगं, मी किती वेळा बंद-चालू केली. साहेब ओरडला माझ्यावर."

"हो का," मी म्हटलं, आणि उशीचा अभ्रा ताणून बसवायला लागले, म्हणजे तोंड वळवता आलं.

तो हिरमुसून चटईवर आडवा झाला आणि भिंतीकडे तोंड करून झोपला. त्याच्याकडे बघून मला दया आली, नाही असं नाही. पण मी स्वयंपाकघरात गेले तर सासूबाई स्टोव्हपुढे घावनाचं पीठ ढवळायचं सोडून पदरात तोंड खुपसून बसल्या होत्या. त्यांचे खांदे हलत होते. मी त्यांच्याशेजारी फरशीवर बसले आणि माझाही बांध फुटला. आवाज बाहेर जाऊ नये म्हणून आम्ही एकमेकींचे हात घट्ट धरले होते.

सासरे चहाचा कप घेऊन दारात आले. आमच्याकडे बघत राहिले. "काय झाला गो?"

सासूबाईंनी डोळे पुसले.

"तुमका काय करूचा आसा?" त्या म्हणाल्या. "ता आमच्या दोघींचा आसा."