सबनीसकाकांचा ताहर

वादीतून घरी आलं की बुटातून खडे निघतात. कितीही झटका, दोन दिवसांनी हॉलमध्ये एखादा पायाला टोचतोच! आमच्या शुक्रवारच्या टोळीचे किस्से तसेच आहेत. ओमानमधल्या अल् घुब्राच्या आमच्या फ्लॅटमध्ये पाहुणे जमले की एक निघतो, त्याच्या मागून दुसरा निघतो, आणि भजी गार होतात.

टोळी छोटीशीच. मी मीनल, नवरा मंदार आणि आमची चौथीतली इरा. रुसैलच्या एका पाइप फॅक्टरीत क्वालिटी कंट्रोल बघणारे सबनीसकाका आणि सुलूकाकू, मूळचे सांगलीचे. आणि कुडाळचे सावंत, त्याच फॅक्टरीच्या कामगारांची बस चालवणारे. सुट्टीच्या दिवशी पहाटे निघायचं, एखाद्या वादीत, म्हणजे डोंगरांमधल्या नदीच्या घळीत, पायी शिरायचं आणि दमेपर्यंत चालायचं. इथे येण्याआधी वाळवंट म्हणजे मला नुसती वाळू वाटायची. आता ते विटकरी, हिरवट कडे आणि मधेच फुललेली गुलाबी कण्हेर पाहिली नाही, तर माझा आठवडा संपल्यासारखाच वाटत नाही.

*

सबनीसकाकांचा जन्म पाइप नापास करण्यात गेला. पाइपला कान लावायचा, बोटाने टकटक करायचं आणि म्हणायचं, "रिजेक्ट!" घरीही तेच. काकूंनी आणलेलं कलिंगडसुद्धा या परीक्षेतून सुटत नाही.

काकांची एकच इच्छा राहिली होती. ताहर बघायचा! ताहर म्हणजे इथल्या डोंगरांतला रानबकरा. भलता लाजाळू. आखूड, मागे वळलेली शिंगं, तपकिरी अंग, पाठीवर काळी रेघ. हे वर्णन काकांनी आम्हाला इतक्या वेळा ऐकवलंय की इरा ते पाढ्यासारखं म्हणून दाखवते. निवृत्त होऊन कायमचं सांगलीला परतण्याआधी एकदा तो या डोळ्यांनी बघायचा, बस्स.

मग काय, दर शुक्रवारी कुणीतरी कड्याकडे बोट दाखवून ओरडायचं, "ताहर!"

काका बुटाची लेससुद्धा न सोडता म्हणायचे, "शेळी!"

आणि ती शेळीच असायची. गावातली पाळीव, मजेत कडा चढलेली. एकदा मंदार छातीठोकपणे म्हणाला, "काका, या खेपेला शेळी निघाली तर मिशी उतरवीन!"

काकांनी मान वर करून पाहिलं. "शेळी नाहीये," ते म्हणाले. मंदार खूश!

"गाढव आहे," काका म्हणाले.

शर्तीप्रमाणे मिशी वाचली. पण त्या दिवसापासून मंदारने कड्याकडे बोट दाखवणं सोडलं.

*

एकदा उंच डोंगरावर पोहे खायला बसलो होतो. काकांनी खडकावर टकटक केली आणि सुरू झाले. "हा सगळा डोंगर एके काळी समुद्राच्या तळाशी होता. हे बघा, शिंपले!"

खरंच, दगडात शिंपले रुतलेले होते. माझ्या तर अंगावर काटा आला. आपण कुठे बसलोय, आणि हातात काय, तर पोह्यांची डिश!

सावंत वाकून वाकून बघत होते. मालवणी माणूस आणि शिंपले, म्हणजे बघायलाच नको. बराच वेळ निरखून त्यांनी सुस्कारा सोडला. "कालवांच ही, सायबानू! पण आमका येवक जरा उशीर झालो."

*

सुलूकाकू टोळीत असूनही चालायच्या नाहीत. पहिलं झाड आलं की चटई अंथरायच्या. "तुमचा ताहर आला की हाक मारा हो," असं म्हणून डोळे मिटायच्या.

एका खेपेला झाडाखाली बसल्या बसल्या त्यांनी पाय शेजारच्या डोहात सोडले. वादीतले छोटे मासे जमले आणि टाचांची मेलेली कातडी कुरतडायला लागले. मॉलमध्ये याला स्पा म्हणतात! आम्ही परत आलो तरी काकू तशाच, पाय पाण्यात आणि चेहऱ्यावर समाधी. काका म्हणाले, "ऊठ, उशीर होतोय."

"उठते हो," काकू म्हणाल्या. "इतक्या वर्षांच्या संसारात कुणीतरी पायाशी बसलंय, जरा बसू दे!"

मग काकांनीही बूट काढून पाय डोहात सोडले. पण मासे त्यांच्याकडे फिरकलेच नाहीत.

*

एका दिवसाचा किस्सा मात्र हसण्याचा नाही. इब्राच्या बाजूची वादी. वर लख्ख ऊन. चालता चालता काका एकदम गुडघ्यावर बसले. ओल्या वाळूत खुरांचे ताजे ठसे होते. वर अरुंद कपारीकडे गेलेले, गावापासून कितीतरी लांब. काकांनी एका ठशाभोवती बोट फिरवलं. "शेळी नाही. ही शेळी नाही!"

आम्ही कपारीकडे निघणार, तेवढ्यात काकांनी आकाशाकडे पाहिलं. खूप दूर, डोंगराच्या माथ्यावर एक काळा ढग होता.

"यल्ला, मागे फिरा सगळे."

"काका, इथे तर ऊन आहे," मंदार म्हणाला. "एवढ्या वर्षांनी चान्स आलाय!"

"पाऊस तिकडे पडतो आणि पाणी इकडे येतं. आपल्याबरोबर इरा आहे. फिरा."

वर गाडीपाशी येऊन चहा ओतला, तोच खालून घरघर ऐकू आली. जिथे काका गुडघ्यावर बसले होते, तिथून चॉकलेटी पाणी दगडगोटे घेऊन धावत होतं. मी इराला घट्ट धरलं. काका कठड्याशी उभे राहून बघत राहिले. इतकंच म्हणाले, "चला, त्याला पाणी मिळालं."

त्या दिवसापासून या माणसाला ताहर दिसावा असं काकांपेक्षा आम्हालाच जास्त वाटायला लागलं.

*

आणि आता शेवटचा शुक्रवार. काका निवृत्त झाले होते, कायमचं परतायचा फायनल एक्झिटचा शिक्का बसला होता, सामान बांधून तयार. त्या दिवशी सुलूकाकूंनी चटई गाडीतच ठेवली आणि पहिल्यांदा आमच्याबरोबर चालल्या. वर टोकापर्यंत गेलो. काही नाही. काका एका धोंड्यावर बसले. "राहू दे," ते म्हणाले. "सगळं मिळायलाच हवं असं थोडंच आहे?"

डबे उघडले. आणि अचानक कोण ओरडावं? स्वतः काका!

"ताहर!"

आम्ही वर पाहिलं. कड्यावर ते उभं होतं. लोंबणारे कान, अंगावर पांढरे ठिपके, आणि गळ्यात घंटा!

काकांच्या डोळ्यांत अलीकडे मोतीबिंदू वाढत होता, ऑपरेशन सांगलीला करायचं ठरलेलं. ते टोपी काढून उभे होते. "शेळी!" म्हणायची आता आमची पाळी होती. कुणी म्हणेना.

"बाई, काय देखणा आहे हो!" सुलूकाकू म्हणाल्या.

"शंभर टक्के तोच, सायबानू!" सावंत म्हणाले. मंदारने पटापट फोटो काढले.

"बट आई, त्याच्या गळ्यात बेल..." इराने तोंड उघडलं, आणि मी त्यात शंकरपाळं कोंबलं.

उतरायला लागलो, तर ताहरही आमच्या मागून उतरायला लागला. किण किण किण! वळणावर एक म्हातारा ओमानी काठी टेकून उभा होता. सावंत धावतच पुढे गेले आणि त्याच्या कानाशी लागून अरबीत काहीतरी पुटपुटले. म्हाताऱ्याने काकांकडे पाहिलं. तोवर ताहर सरळ त्याच्यापाशी गेला आणि त्याच्या खिशात तोंड खुपसून उभा राहिला.



"सलाम आलेकुम, अर्बाब," काका म्हणाले. "ये आपका है?"

म्हाताऱ्याने खिशातून खजूर काढला, ताहरला भरवला, आणि गंभीरपणे मान हलवली. "ला, ला. मेरा नहीं." मग काठी उंच डोंगराकडे रोखली. "जबल का है!"

काका जवळ गेले. ताहरच्या पाठीवर बोटाने हलकेच टकटक केली. मग एकेक करून आमच्या सगळ्यांच्या तोंडाकडे पाहिलं. सावंत, मंदार, मी, गाल फुगवून शंकरपाळं चावणारी इरा. ताहरने मान हलवली, तशी काकांनी त्याच्या गळ्यातली घंटा मुठीत घट्ट धरली आणि काकूंना म्हणाले,

"बघितलंस सुलू? रानातला असून किती माणसाळलाय!"